जेन फोंडावर पुण्यात बोलू द्या

मा. सांस्कृतिक कार्य मंत्री, महाराष्ट्र राज्य यांस,
स.न.वि.वि.

गेल्या महिन्यात पुण्यातल्या एका सभागृहाने आमच्या वाचक मंडळाचा कार्यक्रम आदल्या संध्याकाळी रद्द केला. विषय होता अमेरिकी अभिनेत्री जेन फोंडा आणि व्हिएतनाम युद्ध. 'सैनिकांचा अपमान होतो, असा फोन आला,' एवढंच कळलं. लेखी काही नाही.

मी फौजीची मुलगी आहे. माझे वडील १९७१च्या युद्धात लढले. त्यामुळे फोंडावरचा राग मला कळतो. जुलै १९७२मध्ये, युद्ध चालू असताना, ती शत्रूच्या म्हणजे उत्तर व्हिएतनामच्या राजधानीत, हनोईला गेली, तिथल्या रेडिओवरून तिने अमेरिकी वैमानिकांना बॉम्बफेक थांबवायला सांगितलं आणि विमानवेधी तोफेवर बसून तिने फोटो काढू दिला. तशाच तोफा तिच्या देशाची विमानं पाडत होत्या. हाती लागलेले वैमानिक त्याच शहरात कैदेत होते. तो फोटो पाहून ज्यांचं रक्त उसळलं त्यांना मी चूक म्हणणार नाही. 'हनोई जेन' हे नाव तिला कायमचं चिकटलं.

आम्हाला बोलायचं होतं ते या फोटोच्या आगेमागे जे घडलं त्यावर. आदल्याच वर्षी ती लष्करी तळांच्या आसपास युद्धविरोधी रंगमंचीय कार्यक्रम करत हिंडली होती आणि समोर गर्दी असायची ती सैनिकांचीच. १९७८मध्ये लढाईत अपंग झालेल्या सैनिकाच्या कथेवरच्या चित्रपटात तिने काम केलं, त्याबद्दल तिला ऑस्कर मिळालं. १९८८ साली टीव्हीवर तिने सैनिकांची माफी मागितली, पण ती तोफेवर बसल्याची; युद्धाला विरोध केल्याची नव्हे. अनेक माजी सैनिकांनी तिला आजही माफ केलेलं नाही. तिच्यावर देशद्रोहाचा खटला भरा, अशी ओरड झाली तरी तिथल्या सरकारने तो भरला नाही.

साहेब, दक्षिण कमांडचं मुख्यालय पुण्यात, एनडीए खडकवासल्याला, जायबंदी जवानांचं पॅराप्लेजिक केंद्र खडकीला. युद्धावर इथे नाही बोलायचं तर कुठे? याच गावाने आगरकरांची ते जिवंत असताना प्रेतयात्रा काढली, तरी त्यांचं लिहिणं थांबलं नाही.

आपल्या खात्याने सभागृहांसाठी नियम करावा: ठरलेला कार्यक्रम रद्द केला तर कारण लेखी द्यायचं आणि धमकी आली तर पोलिसांना कळवायचं. निषेध करणाऱ्यांना दाराबाहेर घोषणा देऊ द्याव्यात, आत येऊन प्रश्नही विचारू द्यावेत.

चर्चा आम्ही पुन्हा ठेवतोय. माजी सैनिकांना पहिल्या रांगेत बसवणार आहोत. आपणही यावं.

आपली,
खडकीची एक रहिवासी