संकल्पचित्रेही जपायला हवीत

कर्जतचा एन. डी. स्टुडिओ गोरेगावच्या चित्रनगरीमार्फत चालवण्याच्या राज्य सरकारच्या निर्णयाचे मनापासून स्वागत. मात्र हा निर्णय जागा, इमारती आणि चित्रीकरणाचे भाडे एवढ्यावरच थांबू नये.

हा स्टुडिओ उभारणारे दिवंगत कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांनी कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली ‘तमस’ या दूरचित्रवाणी मालिकेपासून उमेदवारी केली आणि पुढे ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ व ‘देवदास’ यांसाठी कलादिग्दर्शनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले. ‘लगान’मधले चंपानेर हे गाव त्यांनी भुजजवळच्या कुनरिया परिसरात उभे केले होते. घरांच्या भिंती, देऊळ, गल्ल्या हे सारे आधी कागदावर उतरवावे लागते. चित्रीकरण संपले की सेट मोडतात. उरतात ती संकल्पचित्रे, मोजमापांचे आराखडे आणि छोट्या प्रतिकृती. कलादिग्दर्शकाचे खरे काम त्यांतच दिसते, आणि नेमके तेच बहुधा कुठेतरी गठ्ठ्यात पडून नष्ट होते. बाबूराव पेंटर, प्रभात फिल्म कंपनीचे फत्तेलाल, एम. आर. आचरेकर अशी कलादिग्दर्शकांची परंपरा असलेल्या महाराष्ट्राला हे शोभत नाही.

पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात चित्रपटांबरोबर पोस्टर आणि गाण्यांच्या पुस्तिकाही जपल्या जातात. त्याच धर्तीवर कर्जतला कलादिग्दर्शकांच्या रेखाटनांचे कायमस्वरूपी दालन उभारावे. देसाई यांची उपलब्ध रेखाटने कुटुंबीयांच्या संमतीने तिथे ठेवावीत आणि कला महाविद्यालयांच्या विद्यार्थ्यांना ती अभ्यासासाठी खुली करावीत.

– एक वाचक, डोंबिवली