नाटकाच्या पाच रंगवलेल्या पडद्यांसाठी आवाहन

सप्रेम नमस्कार वि. वि.

मंडळाची ओळख नव्याने करून द्यायला नको. दर ९ ऑगस्टला केशवराव भोसल्यांच्या तसबिरीला हार घालून नांदी म्हणणारे ते आपणच. वयाची अठरा पुरी होण्याआधी, १ जानेवारी १९०८ ला हुबळीत ‘ललितकलादर्श’ नाटक कंपनी काढणारा आणि पुढे ‘हाच मुलाचा बाप’मधून हुंड्याचा प्रश्न रंगभूमीवर मांडणारा हा आपल्या कोल्हापूरचा नट. ८ जुलै १९२१ ला मुंबईत बालगंधर्वांची भामिनी आणि केशवरावांचा धैर्यधर असा ‘संयुक्त मानापमान’ टिळक स्वराज्य फंडासाठी झाला. त्यानंतर तीन महिने भरायच्या आत, ४ ऑक्टोबरला, ते गेले. वय एकतीस.

त्यांच्या कंपनीचे पडदे आनंदराव आणि बाबुराव पेंटरांनी रंगवले होते. मंडळाकडचे पाच (राजवाडा, जंगल, रस्ता, देऊळ, तुरुंग) त्याच वळणाचे आहेत. केशवरावांच्या कंपनीचे नव्हेत, ती अफवा कृपया थांबवावी. ते इतकी वर्षे टिकले ते पापाच्या तिकटीवरच्या एका कापड व्यापाऱ्यांमुळे. माळा त्यांचा, भाडे कधी मागितले नाही, दर दिवाळीला वाळवीचे औषधही स्वतःच मारून घेत. पडदे ठेवायच्या दोन पेट्या एका निवृत्त शिक्षिकाबाईंनी दिल्या. दोघांचे ऋण मोठे आहे.

पण घडी घालून ठेवल्याने पडदे घडीवर चिरले. रंग सरसात कालवलेला. पावसाळ्यात सरस ओल धरतो, बुरशी येते आणि पापुद्रे सुटतात. पाणी लावले तर रंगच उतरेल, म्हणून धुण्याचा सल्ला देऊ नये. मऊ ब्रशने कोरडी धूळ काढायची, आणि रंगाची बाजू बाहेर ठेवून ८ इंची पाइपावर गुंडाळायचे. आत घेतली तर रंग चुरगळतो. पडदा १८ फूट रुंद, पाइप २० फुटी मिळतो, सांधा लागत नाही. पाइपावर पॉलिएस्टर फिल्म, मग थरांमध्ये कोरा मांजरपाट, ४८ इंच पन्ह्याचा, दर पडद्याला २५ मीटर. पट्टे शिवायचे नाहीत, शिवणीचा वळ रंगावर उठतो.

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री, जयंतीच्या आदल्या दिवशी, केशवराव भोसले नाट्यगृह जळाले तेव्हा सारे गाव हळहळले. त्यानंतर पडदे पाहायला या म्हणून दोनशे पत्रे वाटली. चार जण आले. असो.

खर्च: पाइप ५,०००, मांजरपाट १,५००, फिल्म, ब्रश व भिंतीचे ब्रॅकेट १,५००, म्हणजे एका पडद्याला ८,०००, पाचांचे ४०,०००. जमा ११,५००, कमी २८,५००. रोख वा मंडळाच्या नावे धनादेश, कार्यालयात सायं. ६ ते ८, रविवार बंद, पावती लगेच. काम १५ मेपर्यंत संपायलाच हवे. गुंडाळायला एका वेळी सहा माणसे लागतात, येणाऱ्यांनी नाव आधी कळवावे. पान खाऊन येऊ नये.

आपला,
चिटणीस