आर्नो मासीचा उजवा हात

चि. सोनू,
अनेक आशीर्वाद.

गोल्फचे सर तुझी ग्रिप, म्हणजे काठी धरायची पकड, बदलायला सांगताहेत आणि तेव्हापासून बॉल वाट्टेल तिकडे जातोय, हे कळलं. तुझ्या आवाजातला वैताग ऐकला आणि मला जुना फ्रेंच गोल्फर आर्नो मासी आठवला. त्याची गोष्ट फोनवर सांगण्यासारखी नाही, म्हणून लिहायला बसलो. सावकाश वाच.

मासी 1877 चा. फ्रान्सच्या नैऋत्य टोकाला समुद्रकाठी बिआरित्झ गाव आहे, तिथला बास्क माणूस. हिवाळ्यात तिथे पैसेवाले इंग्रज हवापालटाला यायचे आणि त्यांच्यासाठीच 1888 मध्ये तिथे गोल्फ क्लब निघाला. मासी त्या कोर्सवर बॅगा उचलायचा आणि सार्डिन पकडणाऱ्या होडीवरही कामाला जायचा. म्हणजे मी ज्या कामात आयुष्य काढलं, तेच त्याचं पहिलं काम. कॅडीला, म्हणजे बॅग उचलणाऱ्याला, खेळ कुठून दिसतो हे तुला सांगायला नको. खेळणाऱ्याचं मनगट कधी वळलं, उजवी टाच कधी उचलली, श्वास कुठे अडला, हे त्याच्या घरच्यांनाही दिसत नाही एवढं आपल्याला दिसतं. मासीनेही खेळ असाच डोळ्यांनी उचलला असणार, असं मला अगदी मनापासून वाटतं.

आता तुझ्या कामाची गोष्ट. हा माणूस जन्माचा डावखुरा. पण जग जिंकला तो उजव्या हाताने खेळून. तू फक्त बोटांची जागा बदलतोयस, तरी हात परका वाटतो म्हणतोस. त्याने तर अख्खा खेळच परक्या बाजूने खेळला.

1898 मध्ये तो स्कॉटलंडला, नॉर्थ बेरिकला गेला. एका इंग्रज बँकरने त्याच्या शिक्षणाला हात दिला होता. समुद्रावरून सुटलेला वारा आणि आजूबाजूला आपल्यापेक्षा सरस खेळाडू, यांच्यात तो वाढला. तिथल्याच मुलीशी त्याने लग्न केलं. तू घर सोडून तिकडे गेलास तेव्हा तुझी आई रडली, पण मी तुला अडवलं नाही, ते याचसाठी. चांगल्या खेळाडूंच्या संगतीत रोज हरायला मिळणं ही मोठी गोष्ट आहे रे.

ब्रिटनच्या ओपन स्पर्धेत तेव्हा व्हार्डन, टेलर आणि ब्रेड या तिघा ब्रिटिश गोल्फरांचं राज्य होतं. 1894 ते 1914 या काळात तिघांनी मिळून 16 वेळा ती जिंकली. त्यांच्यात बाहेरच्याला शिरकाव फार अवघड होता. मासी 1902 मध्ये दहावा, 1905 मध्ये पाचवा, 1906 मध्ये सहावा आला. त्याच 1906 साली पॅरिसजवळ ला बुली इथे पहिली फ्रेंच ओपन झाली आणि ती त्याने मारली. मग 1907 चा जून, लिव्हरपूलजवळ हॉयलेक. दोन दिवसांत चार राउंड, म्हणजे रोज 36 होल, आणि वर सोसाट्याचा वारा. ज्याचे फटके कमी तो जिंकतो, आणि शेवटच्या राउंडआधी टेलर एका फटक्याने पुढे होता. टेलरला 80 फटके लागले, मासीने 77 मध्ये संपवलं. एकूण 312, दोन फटक्यांनी जिंकला. त्या स्पर्धेच्या इतिहासात ब्रिटनबाहेरचा तो पहिला विजेता. युरोपच्या मुख्य भूमीवरचा पुढचा विजेता यायला 1979 साल उजाडलं, तो स्पेनचा बालेस्तेरोस. आणि फ्रान्सचा पुरुष तर अजूनही दुसरा झालेला नाही.

त्याच आठवड्यात त्याला मुलगी झाली. तिच्या नावात त्याने हॉयलेक घातलं. हे वाचलं तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी आलं, खरं सांगतो.

1911 ला सँडविचच्या कोर्सवर तो पुन्हा अव्वल आला, पण बरोबरीत, व्हार्डनबरोबर. 36 होलचा प्लेऑफ, म्हणजे निकालासाठी जादा सामना, झाला आणि पस्तिसाव्या होलवरच मासीने हार मानून हात मिळवला. तीन वर्षांनी महायुद्ध. तो फ्रेंच सैन्यात होता, व्हर्दाँला जखमी झाला. तिथेच त्याचा खेळ संपला असता तरी कुणी नाव ठेवलं नसतं. पण 1925 मध्ये, वयाच्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षाच्या आसपास, त्याने चौथ्यांदा फ्रेंच ओपन जिंकली. 1927 आणि 1928 ला स्पॅनिश ओपन, पन्नाशीत. तू एकविसाव्या वर्षी म्हणतोस की उशीर झाला.

एक गोष्ट मात्र सरांशी बोलायला हवी. मासीच्या स्विंगमध्ये, म्हणजे काठी फिरवण्यात, वर गेल्यावर क्लबचा, म्हणजे काठीचा, एक गोल वळसा असायचा, खाली यायच्या आधी टोक हवेत गिरकी घ्यायचं. कुठल्याही शिकवणाऱ्याने तो दोष म्हणून काढला असता. त्याने तो ठेवला. म्हणजे ज्याने हात बदलला, त्यानेच गिरकी जपली. मला वाटतं त्याचा ताल त्या गिरकीत होता, आणि ताल गेला की पटिंग, म्हणजे होलजवळचे हलके फटके, सुद्धा बिघडतं. पटिंगमध्ये तर तो फार नावाजलेला होता. तुझ्या स्विंगमध्ये वर गेल्यावर जो किंचित थांबा आहे, तो तुझा लहानपणापासूनचा आहे. बांबूच्या काठीने खेळायचास तेव्हाही होता. ग्रिप सर म्हणतील तशी कर, तक्रार न करता, महिनाभर तरी. पण तो थांबा काढायचं म्हणाले, तर आधी का ते विचार. उद्धटपणे नको, शिकायचं म्हणून विचार. आणि मासीच्या त्या गिरकीबद्दल त्यांचं काय मत आहे, ते मला सविस्तर कळव. इतकी वर्षं बॅगा उचलल्या, तरी मला ते पुरतं उमगलेलं नाही आणि समजून घ्यायचंय.

तुझे बाबा