विहिरीकडचं वावर

चि. सागर,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या नोकरीसाठी संस्थेला पैसे द्यायला बाबा विहिरीकडचं वावर विकायला तयार झालेत, हे तुला कळलंच असेल. माझं म्हणणं फोनवर धड सांगता येत नाही, म्हणून लिहिते.

तुझी घालमेल मला दिसते. डी.एड. झालं, टीईटी काढलीस, अभियोग्यता चाचणी दिलीस, तरी शिक्षक भरतीच्या पवित्र पोर्टलच्या यादीत नाव लागलं नाही. अशात अनुदानित शाळेतली जागा दारी चालून आली की मन डळमळणारच. बाबांनाही मी दोष देत नाही. तुझं वय चाललंय, ते त्यांना बघवत नाही.

संस्थेचा माणूस आला तेव्हा त्याने आधी मोबाईल बंद केला. मग कॅलेंडरच्या कोपऱ्यावर पेन्सिलीने आकडा लिहिला, बाबांना दाखवला आणि तो कोपरा फाडून खिशात घातला. तोंडाने शेवटपर्यंत 'विकास निधी'च म्हणत होता. ज्याला आकडा उच्चारवत नाही, त्याच्या हाती आपलं वावर द्यायचं?

2018 पासून लाच देणाराही गुन्हेगार ठरतो, 7 वर्षांपर्यंत शिक्षा आहे. अनुदान घेणाऱ्या संस्थेचे पदाधिकारीही त्याच कायद्यात येतात. जबरदस्तीने द्यावी लागली तर 7 दिवसांत कळवणाऱ्याला सूट आहे. आपल्यावर तर कुणी जबरदस्तीही केलेली नाही. शिवाय पहिली 3 वर्षं शिक्षण सेवक म्हणून महिना 16,000 मानधन. त्यात काय खाशील आणि काय फेडशील?

पण कधीच पकडले जाणार नाही अशी हमी कुणी दिली, तरी माझं मन घेत नाही. त्या जागेवर हक्क असलेलं कुणीतरी पोर असेल, तुझ्याइतकंच शिकलेलं, कदाचित जास्त मार्कांचं. त्याच्या आईबापाकडे विकायला वावर नसेल, एवढंच. त्याला बाहेर ठेवून तू वर्गात शिरणार आणि चौथीच्या पोरांना कॉपी करू नका म्हणून सांगणार. मला हेच टोचतं.

निर्णय तुझा आहे. सातबाऱ्यावर माझंही नाव आहे. तू हो म्हणालास तर मी सही करीन की नाही, हे आज मला सांगवत नाही. नको म्हणालास तर पुढच्या चाचणीपर्यंत खोलीचं भाडं आणि मेसचे पैसे माझ्याकडे लागले. बचत गटाचं कर्ज फिटलंय, नवीन मिळेल. काय ते शनिवारच्या आत ठरव, आणि बाबांशी तू स्वतः बोल. माझ्या तोंडून त्यांना कळायला नको.

तुझी,
आई