डबा खरा, आत काय आहे?

संपादक महाशय,
स. न. वि. वि.

दसरा जवळ आला की गॅरेजबाहेर गाड्यांची रांग लागते. पूजेआधी गाडी धुऊन घ्यायची, ब्रेक आवळायचे आणि जाता जाता ‘ऑइलपण टाकून द्या’ म्हणायचे. कुठले, ते सहसा कुणी सांगत नाही. सांगितलेच तर ‘तो लाल डबा टाका’ किंवा ‘चांगल्या कंपनीचं, जरा जाड टाका’. बनावट ऑइलचा धंदा या दोन वाक्यांवर जगतो. रंग आणि नाव कुठल्याही छापखान्यातून करून मिळतात आणि जाडपणा तर त्याहून स्वस्त. डबा हातात घेऊन वाचणारे गिऱ्हाईक मात्र नकली माल विकणाऱ्याला परवडत नाही. म्हणून आधी काय वाचायचे ते लिहितो, नकलीचे नंतर.

डब्यावरची पहिली खूण ग्रेडची, उदाहरणार्थ १०डब्ल्यू-३०. त्यातला डब्ल्यू म्हणजे विंटर. पहिला आकडा जितका लहान, तितके ऑइल थंड इंजिनात लवकर वाहते. दुसरा आकडा इंजिन तापल्यावर, म्हणजे १०० अंश सेल्सिअसला, ते किती दाट राहते हे सांगतो. त्या तापमानाला ३० ग्रेडचा दाटपणा ९.३ ते १२.५ सेंटिस्टोकच्या (दाटपणा मोजायचे एकक) आत असावा लागतो, ४० ग्रेडचा १२.५ ते १६.३ च्या आत. ‘आपल्याकडे बर्फ कुठे पडतो, शून्य डब्ल्यू कशाला?’ असे हमखास विचारले जाते. विदर्भातल्या मे महिन्यातही रात्रभर उभी असलेली गाडी सकाळी तीस-बत्तीस अंशांवर असते आणि चालत्या इंजिनाच्या मानाने ती थंडच. स्टार्टर मारल्यापासून ऑइल हेडपर्यंत चढेस्तोवरचे ते काही सेकंद कॅम आणि रॉकर, म्हणजे हेडमधले व्हॉल्व्ह उघडणारे भाग, जवळजवळ कोरडे घासतात. जाड ऑइल तिथे उशिरा पोचते, इतका साधा हिशोब आहे.

अलीकडच्या अनेक छोट्या पेट्रोल गाड्यांना ०डब्ल्यू-२० आणि काहींना ०डब्ल्यू-१६ सांगितलेले असते. त्यांत उन्हाळा म्हणून २०डब्ल्यू-५० ओतले तर ॲव्हरेज पडते, चेन टेन्शनरला दाब उशिरा मिळतो आणि सकाळी चालू करताना टाइमिंग चेन खडखडते. उलटही तितकेच वाईट. पल्सरच्या अनेक मॉडेलना २०डब्ल्यू-५० आणि ३५० सीसी बुलेटला १५डब्ल्यू-५० लागते. त्यांत पातळ ऑइल घातले तर घाटात तापल्यावर गिअरचा आवाज वाढतो आणि गाडी ऑइल खाऊ लागते. गाडीच्या मॅन्युअलमध्ये जो ग्रेड लिहिला आहे तोच घालावा. सीटखालच्या त्या पुस्तकाची पाने बहुतेकांनी उलटलेलीही नसतात.

दुसरी खूण एपीआयची, म्हणजे ऑइलचा दर्जा ठरवणाऱ्या अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूटची. पेट्रोलसाठी एस ने सुरू होणारी अक्षरे: एसएल २००१ चे, एसएन २०१० चे, एसपी २०२० चे. पुढचे अक्षर नव्या कसोटीचे. डिझेलसाठी सी: सीआय-४, सीके-४. चारचाकीत जुन्याच्या जागी नवे अक्षर सहसा चालते. मोटरसायकलला मात्र एवढ्यावर भागत नाही आणि इथेच सर्वात जास्त घोळ होतो.

मोटरसायकलचा क्लच त्याच ऑइलमध्ये बुडालेला असतो. घर्षण कमी करणारी रसायने असलेले कारचे ऑइल त्यात घातले की क्लचप्लेटी सुटू लागतात. रेस वाढवली की इंजिन ओरडते, गाडी तितकी ओढत नाही, चढावर तर फार जाणवते. गिऱ्हाईक प्लेटी बदलून घेते, ऑइल तेच राहते, नव्या प्लेटीही घसरतात. यासाठी डब्यावर ‘जासो’ या जपानी मानकाची खूण बघायची. मोटरसायकलला एमए किंवा एमए२, आणि ज्या स्कूटरचा क्लच बेल्टच्या बाजूला कोरडा असतो तिला एमबी. १०डब्ल्यू-३० दोन्ही डब्यांवर लिहिलेले असते, म्हणून स्कूटरचा डबा मोटरसायकलमध्ये ओतला जातो. दुकानदाराच्या फळीवर ते शेजारी शेजारीच असतात.

डिझेल गाडीबद्दल एकच सांगतो. १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ हे प्रदूषणाचे कडक निकष आल्यावर बहुतेक डिझेल कारच्या सायलेन्सरमध्ये काजळी पकडणारा डीपीएफ फिल्टर असतो. काजळी तो जाळून टाकतो, पण ऑइलमधल्या धातूयुक्त रसायनांची राख जळत नाही, ती आतच साचते. म्हणून त्या गाड्यांना कमी राखेचे, एसीईए (युरोपातल्या वाहन उत्पादकांची संघटना) सी२ किंवा सी३ दर्जाचे ऑइल सांगितलेले असते. ट्रॅक्टरसाठी आणलेल्या वीस लिटरच्या बादलीतले त्यात टाकले तर इंजिन चालेल, फिल्टर तुंबेल.

आता नकली. बाजारात ते तीन तऱ्हेने येते. पहिली तऱ्हा जुनी: गॅरेजमधून जमवलेले जळके ऑइल गाळायचे, ॲसिड आणि मुलतानी मातीच्या जातीच्या मातीने त्याचा काळपटपणा काढायचा, रंग टाकून भरायचे. दुसरी म्हणजे नुसते बेस ऑइल, त्यात रंग आणि दाटपणा आणणारे काहीतरी. झीज रोखणारे जस्ताचे संयुग, काजळी धुणारे कॅल्शियमचे संयुग, फेस मोडणारे रसायन, यातले काहीच नसते. तिसरी तऱ्हा पकडायला सर्वात कठीण. ऑइल खरोखर ऑइलच असते, पण स्वस्त ग्रेडचे, महागड्या सिंथेटिकच्या डब्यात. (शास्त्रशुद्ध प्रक्रियेने पुन्हा शुद्ध केलेले तेल ही वेगळी गोष्ट आहे. त्यात रसायनांचा पूर्ण संच घातला तर ते नकली नव्हे. जुन्या ऑइलच्या पुनर्वापराची जबाबदारी उत्पादकांवर टाकणारे नियमही १ एप्रिल २०२४ पासून लागू आहेत.)

नकली ऑइलची खरी चलाखी ही की पहिले पाचशे किलोमीटर काहीच होत नाही. उलट गाडी जरा गुळगुळीत वाटते, कारण जुने ऑइल तर निघालेले असते. मग ते तापून पातळ होते आणि दोन धातूंमधली फिल्म तुटते. टॅपेटचा, म्हणजे व्हॉल्व्हवरच्या फटीचा, टकटक आवाज येतो, सेटिंग केले तरी आठवड्याने परत येतो. आत डांबरासारखा गाळ धरतो आणि पंपाची जाळी अर्धी बुजते. पिस्टनच्या रिंगा खाचांत चिकटतात, सायलेन्सरमधून निळा धूर येतो. टर्बो असेल तर त्याच्या बेअरिंगमध्ये ऑइल जळून कोळसा होतो. ऑइलचा लाल दिवा लागेपर्यंत बरेचसे काम होऊन गेलेले असते. शंभर-दीडशे रुपये वाचवलेल्या गाडीचे इंजिन शेवटी टेबलावर उघडे पडते, आणि तोवर तो डबा कधीच भंगारात गेलेला असतो.

तो रिकामा डबा हीच या धंद्याची नाडी आहे. भंगारात बाकीचे प्लॅस्टिक किलोवर जाते, पण लेबल न फाटलेला, झाकणासकटचा डबा नगावर घेणारा भेटतो. नवीन साचा पाडून नकली डबा बनवण्यापेक्षा खराच डबा परत भरणे कितीतरी सोपे. त्यामुळे ‘लेबलवरची छपाई बघा, स्पेलिंग बघा’ हा सल्ला अर्धाच कामाचा, कारण छपाई खरीच असते. बघायचे ते झाकण. झाकणाखालची प्लॅस्टिकची कडी पहिल्यांदा फिरवताना तुटली पाहिजे आणि तुटल्याचा आवाज आला पाहिजे. झाकणाखालचा पत्रा, म्हणजे ॲल्युमिनियमचा सील, काठोकाठ एकसारखा चिकटलेला हवा. डिंक ओघळलेला, सुरकुतलेला किंवा सहज निघणारा सील दिसला की डबा परत करा. डब्याचा तळ उलटून बघा. बारीक भोक पाडून भरलेला डबा तिथे गरम करून बुजवलेला असतो, नख फिरवले की उंचवटा लागतो. बॅच नंबर आणि महिना डब्यावर व खोक्यावर जुळतो का, एकाच खोक्यातल्या डब्यांवर उत्पादनाचे वेगवेगळे महिने तर नाहीत ना, हेही बघावे.

क्यूआर कोड असेल तर डबा फोडण्याआधी स्कॅन करा. कोडची नक्कल होते, पण एकच कोड शंभर डब्यांवर चिकटवला असेल तर ‘हा आधीच तपासला आहे’ असे उत्तर येऊ शकते. ते उत्तर हसण्यावारी नेऊ नका. बोटावर चोळून, वास घेऊन किंवा रंग बघून ऑइल ओळखतो म्हणणाऱ्यावर विश्वास ठेवू नये. खऱ्या ऑइलचा रंगही कंपनीनुसार बदलतो. आणि घातल्यावर लवकर काळे पडले म्हणजे नकली, असेही नाही. डिझेल इंजिनात चांगले ऑइल काही शे किलोमीटरमध्ये काळे होते, कारण काजळी उचलून धरणे हेच त्याचे काम. जे ऑइल काळे होणारच नाही, त्याची काळजी करा.

ऑइल घालताना समोर उभे राहा. इंजिन पाचेक मिनिटे चालवून कोमट करून मग ड्रेन बोल्ट काढावा, थंड ऑइल तळाशी गाळ ठेवून येते. बोल्टचा वायसर नवा घालावा. जुनाच घालून गळती थांबवायला बोल्ट करकचून आवळला की ॲल्युमिनियमचे आटे जातात. शंभर सीसीच्या बऱ्याच मोटरसायकलींना कागदी फिल्टर नसतो, जाळी असते. ती काढून पेट्रोलने धुवायला लावा.

मग मापाचे. ॲक्टिव्हासारख्या स्कूटरमध्ये काढल्यावर परत मावते मॉडेलनुसार ६५० ते ७०० मिली. बाजारात ८०० मिलीचे डबे सर्रास आहेत आणि सगळा डबा उलटा करायची पद्धतही सर्रास. जादा ऑइल क्रँक घुसळतो, त्याचा फेस होतो, ब्रीदरमधून (इंजिनातली वाफ बाहेर सोडणारी नळी) ते एअर फिल्टरमध्ये जाते आणि गाडी दमते. पातळी मोजताना गाडी मेन स्टँडवर, इंजिन बंद करून दोन-तीन मिनिटांनी, आणि या स्कूटरमध्ये ऑइल मोजायची दांडी न फिरवता नुसती टेकवून बघायची. फिरवून घट्ट केली तर ऑइल आहे त्याहून जास्त दिसते. स्कूटरच्या मागच्या चाकाजवळ गिअरचे वेगळे ऑइल असते, शंभर-सव्वाशे मिलीच, पण ते वर्षानुवर्षे कुणी बदलत नाही.

एक जाता जाता: पावसाळ्यात, विशेषतः कोकणात, जवळच्या फेऱ्या मारणाऱ्या गाडीच्या झाकणाखाली दुधट साय दिसते. ती केवळ झाकणाला असेल तर वाफेचे पाणी आहे, लांबची एक फेरी मारली की जाते. दांडीलाही दूध लागत असेल तर पाणी ऑइलमध्ये मिसळते आहे. मग त्यात ऑइलवाल्याचा दोष नाही, गॅस्केट बघा. आणि पुराच्या पाण्यात बुडालेली गाडी ऑइल बदलल्याशिवाय चालू करून बघू नका. २०१९ ला सांगली-कोल्हापुरात आणि २०२१ ला चिपळुणात अशी कितीतरी इंजिने घाईने गेली.

काम झाल्यावर रिकामा डबा गॅरेजमध्ये ठेवू नका, किंवा ठेवायचाच तर स्क्रू-ड्रायव्हरने तळाला भोसकून, लेबल उभे फाडून ठेवा. बिलावर ग्रेड आणि बॅच नंबर लिहून घ्या. पुढे इंजिन गेले तर तक्रारीला तेवढाच आधार असतो. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे.

कायदा कमी पडतो असे नाही. ट्रेडमार्क कायदा, १९९९ च्या कलम १०३ व १०४ खाली सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड आहे. पण कलम ११५ नुसार वॉरंटशिवाय झडती घेणारा अधिकारी किमान पोलीस उपअधीक्षक किंवा समकक्ष दर्जाचा हवा आणि त्याने आधी ट्रेडमार्क रजिस्ट्रारचे मत घेतले पाहिजे. ते मत येईपर्यंत गोदाम रिकामे होते. रजिस्ट्रीचे मुख्य कार्यालय मुंबईतच आहे, तेव्हा निदान महाराष्ट्रातल्या प्रकरणांत हे मत एका दिवसात मिळेल अशी सोय करणे अवघड नसावे. शिवाय भारतीय न्याय संहितेचे फसवणुकीचे कलम ३१८ ट्रेडमार्क कायद्याबाहेरचे आहे आणि त्याला ही अट नाही, हे तालुक्याच्या ठाण्यापर्यंत पोचायला हवे.

ऑइल कंपन्यांनाही एक सांगणे आहे. मेकॅनिकला बक्षिसाचे गुण मिळावेत म्हणून झाकणाखाली कूपन किंवा कोड ठेवायची पद्धत आहे. कूपन काढले की मेकॅनिकचे काम झाले आणि डबा सहीसलामत भंगाराच्या गाडीवर जातो. हेच गुण झाकणावर न देता भोसकलेला रिकामा डबा वितरकाकडे परत केल्यावर द्यावेत. वितरकाची गाडी माल टाकून दर आठवड्याला रिकामीच परत जाते.

आपले नम्र,
दुचाकी व चारचाकी दुरुस्तीच्या व्यवसायातील काही जण, सांगली