पॅडल, पेडल की पायडल : म्युन्स्टरहून अण्णांना पत्र

म्युन्स्टर (जर्मनी)
ज्येष्ठ महिना

तीर्थरूप अण्णा व तीर्थस्वरूप आई यांस शिरसाष्टांग नमस्कार. विनंती विशेष.

तलावावरच्या, पायांनी चालवायच्या बोटींच्या पाटीचा वाद घरात अजून मिटलेला नाही, असे बंडूने फोनवर सांगितले. आपण माझा अभिप्राय लेखी मागितला आहे, हेही त्याने कळवले. पेंटरने ‘पॅडल बोट’ असे रंगवून टाकले, बंडूच्या मते तेथे ‘पेडल’ हवे होते, मुख्याध्यापकांनी ‘पदचलित नौका’ असे सुचवले आणि आपण तिघांनाही नापास केले, इथवरची हकिगत मला समजली. मृग लागला तरी नांदेडकडे अजून पाऊस नाही, म्हणजे तलाव भरेपर्यंत पाटी पुन्हा रंगवायला सवड आहे. म्हणून हे पत्र त्या एकाच विषयावर, थोडे सविस्तर, लिहीत आहे.

पहिली गोष्ट अशी की पॅडल आणि पेडल हे एकाच शब्दाचे दोन उच्चार नव्हेत. इंग्रजीत ते दोन वेगळे शब्द आहेत. पॅडल म्हणजे वल्हे. जुन्या आगबोटींच्या बाजूला किंवा मागे जे फळ्यांचे मोठे चाक फिरत असे, त्याच्या फळ्यांनाही पॅडलच म्हणत. पेडल म्हणजे पायाने दाबायची किंवा फिरवायची वस्तू, मग ती सायकलीची असो वा शिलाई मशीनची. लॅटिनमध्ये पायाला जो शब्द आहे त्यावरून तो आला. संस्कृतातला ‘पाद’ हा त्या लॅटिन शब्दाचा दूरचा भाऊबंद, आणि आपला ‘पाय’ त्या ‘पादा’तूनच उतरलेला आहे.

आता पंचाईत अशी की आपल्या या होडीत दोन्ही वस्तू असतात. पायांखाली पेडल असते आणि मधोमध, झाकणाखाली, पॅडलचे चाक असते. त्यामुळे पेंटरची चूक वाटते तितकी मोठी नाही. अमेरिकेत या होडीला सर्रास ‘पॅडल बोट’ म्हणतात आणि तिथल्या शब्दकोशांना ते मान्य आहे. ‘पेडल बोट’ही तिथे चालते. फरक इतकाच की एकजण चाकाकडे पाहून नाव ठेवतो आणि दुसरा पायांकडे पाहून. पण आपल्या गावात ‘पॅडल’ वाचून हाती वल्हे मिळेल अशी कोणी समजूत करून घेतली, तर त्याला दोष देता येणार नाही.

इंग्लंडमध्ये मात्र तिसराच शब्द रूढ आहे, तो म्हणजे ‘पेडॅलो’. फ्रेंचांनी तो घडवला आणि इंग्रजांनी तसाच उचलला. हा शब्द ऐकला की इंग्रज माणसाच्या डोळ्यांपुढे समुद्रकिनाऱ्यावरची सुट्टी येते, आणि त्यात किंचित विनोदही असतो, कारण प्रौढ माणसे गुडघे वर-खाली करीत अतिशय सावकाश पुढे जात आहेत, हे दृश्य गंभीर चेहऱ्याने पाहता येत नाही. क्रिकेटमुळे हा शब्द आपल्याकडच्या काही लोकांच्याही कानांवरून गेला असेल. २००७ च्या विश्वचषकात, १६ मार्चला, सेंट लुशियामध्ये इंग्लंडचा संघ न्यूझीलंडकडून हरला, आणि त्या रात्री उपकर्णधार अँड्र्यू फ्लिंटॉफ मद्य घेतलेल्या अवस्थेत पेडॅलो घेऊन समुद्रात शिरला. त्याचे उपकर्णधारपद गेले आणि कॅनडाविरुद्धच्या पुढच्या सामन्यातून त्याला वगळले. फ्लिंटॉफला ‘फ्रेडी’ म्हणत असल्यामुळे तिकडच्या वृत्तपत्रांनी ‘फ्रेडॅलो’ असा नवा शब्दच करून टाकला. आपल्याकडे या बातमीचे फारसे कौतुक झाले नाही, कारण दुसऱ्याच दिवशी आपला संघ बांगलादेशकडून हरला आणि बंडू त्या रात्री जेवला नव्हता. सांगायचे एवढेच की तिथे साधी ‘बोट’ असती तर ती बातमी इतकी गाजली नसती. ‘पेडॅलो’ या शब्दात जो पोरकटपणा आधीच भरलेला होता, त्यानेच फ्लिंटॉफची अधिक शोभा केली.

मी राहते त्या गावात या होडीला ‘ट्रेटबोट’ म्हणतात. ‘ट्रेटन’ म्हणजे पाय टाकणे, तुडवणे, लाथ मारणे, आणि सायकलीचे पायडल मारायलाही हेच क्रियापद वापरतात. म्हणजे शब्द सरळ आहे, पायाने मारायची बोट. येथील आझे नावाचा तलाव माणसांनी केलेला, सुमारे चाळीस हेक्टरांचा आणि जेमतेम दोन मीटर खोल आहे. उन्हाळ्यात तेथे या बोटींची रांग लागते. मी सहकारी मैत्रिणीबरोबर तिथे जाते, म्हणून या बोटीची रचना बंडूसाठी लिहिते. दोघांच्या बैठकी शेजारी शेजारी असतात आणि दोघांची पायडले एकाच आडव्या दांड्याला जोडलेली असतात. त्यामुळे एकाने अंग चोरले तरी त्याचे पाय फिरतच राहतात आणि तो मारतो आहे की नुसता बसला आहे हे दिसून येत नाही, जोर मात्र दुसऱ्याला लागतो. त्या दांड्यावरच मधोमध फळ्यांचे चाक बसवलेले असते. साखळी नसते, गिअर नसतो, आणि पायडल उलटे मारले की बोट मागे येते. दोघांच्या मध्ये एक दांडी असते, तिने मागचे सुकाणू वळते. मात्र दांडी वळवल्यावर बोट लगेच वळत नाही, आणि नवखा माणूस तेवढ्या वेळात दांडी आणखी वळवतो व गोल गोल फिरत राहतो. कोकणात शिंपणासाठी पायरहाट असे, तो आपण ऐकून असाल. माणूस वर बसून पायांनी चाक फिरवी आणि पाणी वर येई. इथे चाक तसेच आहे, फक्त ते पाणी उचलण्याऐवजी मागे लोटते.

पायांनी चाक फिरवून नाव चालवण्याची युक्ती मुळात करमणुकीची नव्हती, हेही आपल्याला आवडेल. चीनमध्ये सुंग घराण्याच्या काळात अशी चाकांची युद्धनौका होती. आत माणसे पावले टाकून चाके फिरवीत, आणि ११६१ साली यांगत्से नदीवर झालेल्या त्साय-शीच्या लढाईत अशा नौकांचा उपयोग झाला. लिओनार्दो दा विंचीच्या कागदांतही पायांनी चालणाऱ्या चाकाच्या होडीचे चित्र आहे. लढाईची वस्तू पुढे बागेत आली आणि तिच्या नावात मौज शिरली.

नाव कोणी ठेवले आणि मेहनत कोण करतो, यांचाही संबंध दिसतो. अमेरिकेतल्या बॉस्टन शहराच्या सार्वजनिक बागेत १८७७ पासून पायडलच्या बोटी चालतात. पण तेथे बाकांवर बसलेले प्रवासी पाय हलवीत नाहीत. मागे हंसाच्या मोठ्या आकृतीत बसलेला चालक एकटाच पायडल मारतो. त्यामुळे त्या बोटींच्या नावात ना पेडल आहे ना पॅडल, त्या नुसत्या ‘हंसबोटी’ आहेत. जपानमध्येही हंसाच्या आकाराच्या पायडल बोटींना ‘स्वान बोट’च म्हणतात, तिथे लोक स्वतः पायडल मारत असले तरी. तोक्योच्या इनोकाशिरा बागेत अशी समजूत आहे की जोडप्याने तेथे बोटीत बसले तर त्यांची ताटातूट होते, कारण काठावरच्या देवळातली बेन्झाइतेन देवी मत्सर करते. ही बेन्झाइतेन म्हणजे आपली सरस्वती. बासरची आपली सरस्वती गोदेच्या काठी बसून पोरांच्या पाट्यांवर अक्षरे गिरवून घेते, आणि तिकडे गेल्यावर तिचा स्वभाव असा पालटावा, याचे आईला नक्की नवल वाटेल.

हंसाचा विषय निघाला म्हणून म्युन्स्टरची गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. २००६ साली आझे तलावावर एक काळी हंसी आली आणि तिथल्या पांढऱ्या हंसाच्या आकाराच्या ट्रेटबोटीच्या प्रेमात पडली. लोकांनी तिचे नाव पेट्रा ठेवले. ती त्या प्लास्टिकच्या हंसाला क्षणभर सोडीना, त्याच्याभोवती घिरट्या घाली, आणि हिवाळा आला तेव्हा तिला प्राणिसंग्रहालयात हलवताना बोटही बरोबर न्यावी लागली. बातमी जगभर गेली. येथील लोकांनी त्या वेळी त्या बोटीला ‘हंस-पायडल-बोट’ असा एकसंध लांबलचक शब्द वापरला, कारण जर्मन भाषेला शब्दांचे डबे जोडण्यात काहीच वाटत नाही. आपल्या मुख्याध्यापकांना ही भाषा फार आवडली असती.

शेजारच्या हॉलंडमध्ये मात्र लोकांनी पायाचाही नाद सोडला आणि हंसाचाही. ते हिला ‘वाटरफीट्स’ म्हणतात, म्हणजे पाण्यावरची सायकल. डेन्मार्क आणि पोलंडमध्येही शब्दाचा अर्थ हाच. जिथे घरोघर सायकल आहे तिथे हे नाव आपोआप सुचते.

आता आपल्या भाषेकडे येते. मराठीत या वस्तूला शब्द नाही, याचे मला वाईट वाटत नाही, कारण आपल्या भागात होडी ही पलीकडे जाण्यासाठी होती, मौजेसाठी नव्हती. पुराच्या दिवसांत गुळाच्या काहिलीत बसवून माणसे पैलतीरी नेल्याच्या गोष्टी आपणच सांगितल्या आहेत. पाण्यावर उगीच फिरून यायचे, तेही पैसे देऊन, ही कल्पनाच नवी आहे. म्हणूनच आपण ‘बोटिंग’ हा शब्द घेतला. ‘होडीत बसलो’ म्हटले की काम निघते आणि ‘बोटिंगला गेलो’ म्हटले की सहल निघते. हा भेद गावातल्या लहान पोरालाही कळतो.

नवा शब्द घडवायचा तर अडचणी अशा. बंडूच्या मित्राने ‘पायबोट’ सुचवले म्हणे. ते वाचून कोणालाही पायाचे बोट आठवेल, आणि ‘येथे पायबोटी भाड्याने मिळतील’ ही पाटी फारच भयंकर होईल. ‘पायनाव’ म्हटले तर ‘नाव’ शब्दाचा तोच घोळ आहे. ती नाव आणि ते नाव, यांतला फरक लिंगावरून कळतो खरा, पण तिकीट घेणारा माणूस लिंग पाहत बसत नाही. ‘पायहोडी’ निर्दोष आहे, मला ती आवडतेही, परंतु कोणी तसे म्हणत नाही, आणि शब्द पाटीवर रंगवल्याने तोंडी बसत नाही. सायकलीला पूर्वी ‘पायगाडी’ म्हणून पाहिले, लोकांनी सायकलच ठेवली. ‘दुचाकी’ टिकली, पण वर्तमानपत्रांनी ती मोटारसायकलीला देऊन टाकली. ‘पदचलित नौका’ निविदेत आणि ठरावात शोभेल. तलावाच्या काठी तिचा उच्चार करताना मुलांची बोबडी वळेल.

तेव्हा माझे मत असे की पाटीवर ‘पायडल बोट’ असे लिहावे. हा शब्द अशुद्ध आहे, असे आपण म्हणाल, याची मला कल्पना आहे. पण ‘पेडल’ आपल्याकडे आल्यावर गावाने त्यातल्या ‘पे’चा ‘पाय’ केला. व्युत्पत्तीच्या दृष्टीने पाहिले तर त्या लोकांनी लॅटिन पायाच्या जागी मराठी पाय बसवला आहे, आणि दोन्ही पाय एकाच घराण्यातले आहेत. आपल्याकडचा मुलगा कैची मारून सायकल शिकतो तेव्हाच ‘पायडल मार’ हे शब्द त्याच्या कानी पडतात. आई मशीनवर बसते तेव्हा तीही पायडलच मारते. ज्याने कधी तलाव पाहिला नाही त्यालाही ‘पायडल बोट’ वाचून काय करायचे ते समजेल, आणि वल्ही कुठे आहेत असे तो विचारणार नाही.

पाटीवरचे व्याकरणही सांभाळावे. अनेकवचन ‘पायडल बोटी’ असे करावे, ‘बोट्स’ नको. ‘पायडल बोटिंग’ हे दराच्या फलकावर चालेल. खाली दुसऱ्या ओळीत, तितक्याच मोठ्या अक्षरांत, ‘लाइफ जॅकेट घातल्याशिवाय बोट मिळणार नाही’ असे लिहावे. इथला तलाव दोन मीटरचा आहे आणि तळ सपाट आहे. आपल्या तलावातून गाळ काढताना पोकलेनने जागोजागी खड्डे केले आहेत आणि वरून पाणी सारखेच दिसते, म्हणून बंडूने पाणी भरण्याआधी त्या बाजूला दोरी व डबे बांधून हद्द आखून घ्यावी. पेंटरला जुने पैसे कापू नयेत. अमेरिकेत तो बरोबरच ठरला असता.

मजकूर नक्की झाला की मला लिहून पाठवावा, ऱ्हस्व-दीर्घ मी पाहून देईन. थोरांस नमस्कार, लहानांस आशीर्वाद.

आपली लेक,
सुमन