पाव मोठा की एक तृतीयांश?

महोदय,

नऊ-दहा वर्षांच्या मुलांना १/३ आणि १/४ यांतला मोठा अपूर्णांक विचारला, की बरीच जण १/४ म्हणतात. चार तीनपेक्षा मोठे ना! हा आळस नव्हे. बालमानसशास्त्रज्ञ पियाजेच्या मांडणीनुसार साधारण ७ ते ११ वर्षांचे मूल मूर्त वस्तूंच्या आधारे तर्क करते, आणि आपण थेट फळ्यावरच्या चिन्हांना हात घालतो.

प्रत्येकाला १२ सेंटिमीटरच्या दोन कागदी पट्ट्या द्याव्यात. एकीचे तीन, दुसरीचे चार समान भाग मुलांनीच घड्या घालून करावेत. ४ आणि ३ सेंटिमीटरचे भाग शेजारी आले, की उत्तर डोळ्यांना दिसते. मग वहीत आकृती. चिन्ह सर्वांत शेवटी. पट्ट्यांची लांबी वेगवेगळी असली तर सगळेच फसते, कारण ‘पूर्ण’ एकच राहत नाही. घड्या बाईंनीच घालून दाखवल्या, तर मुले नुसती प्रेक्षक.

तिनाची घडी हमखास वाकडी जाते. तिथे ४ आणि ८ सेंटिमीटरवर खुणा करून द्याव्यात, पुढच्या पट्टीवर मात्र नाहीत. एकट्याने जमत नाही पण थोड्या मदतीने जमते, ते मानसशास्त्रज्ञ व्हिगॉट्स्कीने सांगितलेले ‘निकट विकासाचे क्षेत्र’ नेमके हेच. आणि हो, वयाचे टप्पे ढोबळ असतात. बीजगणितात अडलेल्या १३ वर्षांच्या मुलापुढेही पट्टी ठेवायला लाजू नये.

– एक गणित शिक्षक